पाच वाजून दहा मिनिटांची खोली

त्या घराच्या पुढच्या खोलीत नऊ वर्षं सलग पाच वाजून दहा मिनिटं झालेली होती. घड्याळ बिघडलेलं नव्हतं. चांगलं ठणठणीत होतं, फक्त त्याच्या पाठीतला सेल काढून ठेवलेला होता. नवखा पाहुणा दारातून त्याच्याकडे बघून "अजून पुष्कळ वेळ आहे" म्हणत आत जाऊन पाय सैल सोडायचा आणि शेवटची बस चुकवायचा. मग त्याला आतल्या खोलीत गादी घालून द्यावी लागे, कारण पुढच्या खोलीत झोपायची परवानगी नव्हती. खरं तर तिथं बसायचीही नव्हती. खोली बघायची होती, आणि तीही दारात उभं राहून.

ही सगळी करणी वहीकाकांची.

वहीकाका म्हणजे सिनेमाच्या चित्रीकरणात कोपऱ्यातल्या स्टुलावर वही घेऊन बसणारा माणूस. सिनेमा काही पहिल्यापासून शेवटपर्यंत ओळीनं काढत नाहीत. नायक दारातून बाहेर पडतो तो सोमवारी, आणि दारापलीकडे त्याचं पाऊल पडतं ते दोन महिन्यांनी, भलत्याच गावात. तेवढ्यात त्याची मिशी बदलू नये, शर्टाचं उघडं बटण लागू नये, कपातला अर्धा चहा भरून येऊ नये, हे बघायला एक माणूस ठेवलेला असतो. काम चोख झालं तर ते कुणाच्या लक्षातही येत नाही, आणि चुकलं तर थिएटरातलं शेंबडं पोरसुद्धा बोट दाखवतं. अशा धंद्यात वहीकाकांनी बत्तीस वर्षं काढली. कॅमेऱ्यासमोर त्यांनी एक बटण चुकू दिलं नाही. घरी मात्र ते स्वतःच्या शर्टाची बटणं एक काज सोडून लावायचे.

"इथं कॅमेरा नाही ना," असं काकू म्हणायच्या. काकू म्हणजे त्यांची बायको. युनिटमधले सगळे यांना काका म्हणत, तेव्हा त्या आपोआपच काकू झाल्या. कुणी विचारलं नाही, त्यांनीही तक्रार केली नाही.

घरात सिनेमा शिरला तो असा. दिग्दर्शक, ज्यांना सगळे दादा म्हणत, एकदा काही कागदांवर सही करायला घरी आले. चहा घेता घेता त्यांचं लक्ष खिडकीकडे गेलं. उतरतं ऊन निळ्या पडद्यातून गाळून टेबलावर आलं होतं. दादांनी कप खाली ठेवला आणि म्हणाले, "वहीकाका, मी सहा महिने गावभर घरं बघत हिंडतोय आणि तुम्ही तोंड मिटून बसलाय!"

सिनेमातला प्रसंग साधा होता. म्हातारे वडील खिडकीपाशी बसलेत, मध्ये टेबल, आणि समोरच्या भिंतीशी उभी राहून मुलगी सांगते की ती घर सोडून चालली आहे. चार मिनिटांचं काम. दोन दिवस पुरणार होते.

काकूंनी लगेच होकार दिला. वास्तविक त्या खोलीवर त्यांचाच दावा आधी लागला होता. थोरल्या बहिणीनं त्यांना आपलं पायाचं शिलाई मशीन दिलेलं होतं. खिडकीसमोरच्या भिंतीला ते लावायचं, शेजारी कापायला फळी टाकायची आणि सहा मुलींचा शिवणवर्ग काढायचा, असं त्यांनी पक्कं ठरवलं होतं. समोरच्या घरातल्या मुलीनं तर पहिला नंबर आपला म्हणून सांगूनही ठेवलं होतं. खोलीला उजेड होता, काकूंच्या हातात कसब होतं, सगळं जुळून आलं होतं.

"दोन दिवसांचा तर प्रश्न आहे," काकू म्हणाल्या. "तोवर मशीन बोळात राहील."

बोळ म्हणजे न्हाणीघराकडे जायची वाट. तिथं मशीन गेलं, त्यावर चादर पडली, आणि चादरीवर ओले टॉवेल पडायला लागले.

पहिला दिवस दृष्ट लागण्यासारखा झाला. वडिलांचं काम करणारे वयस्कर नट खिडकीपाशी असे बसले, की जणू जन्मभर त्याच खुर्चीत बसत आले असावेत. त्यांच्या बाजूचं सगळं चित्रण एका दिवसात उरकलं. दुसऱ्या दिवशी मुलीची, म्हणजे नायिकेची, बाजू घ्यायची, आणि शेवटी दोघांना एकत्र दाखवणारा एक लांबचा शॉट. सकाळी नायिकेच्या आईचा फोन आला. मुलीला कांजिण्या!

युनिटनं गाशा गुंडाळला. जाताना दादांनी वहीकाकांच्या खांद्यावर हात ठेवला. "खोली अशीच ठेवा, काका. आठ-पंधरा दिवसांत येतो."

हे वाक्य दादा दुसऱ्या कुणाशी बोलले असते तर काही बिघडलं नसतं. ज्या माणसानं बत्तीस वर्षं "असंच ठेवा" याखेरीज दुसरी आज्ञा ऐकलेली नाही, त्याच्याशी बोलले, तिथं घोटाळा झाला.

वहीकाकांनी खोलीचे एक्केचाळीस फोटो काढले. टेबल-खुर्च्यांच्या पायांभोवती खडूनं रेघा मारल्या. घड्याळ पाच-दहावर थांबवलं. टवका उडालेला कप, उघडा चष्मा, तिसऱ्या पानावर दुमडलेलं वर्तमानपत्र, सगळं जागच्या जागी. उन्हानं पडद्याचा रंग उडू नये म्हणून खिडकीची दारं लावून घेतली. म्हणजे ज्या उजेडासाठी खोली निवडली होती, तो उजेडच आधी कोंडला.

पंधरा दिवसांनी नायिका बरी झाली, तर नायक दुसऱ्या एका सिनेमात घोड्यावरून पडला. नायकाचा पाय सांधून त्याचं काम उरकलं, तर निर्माते आणि दादा यांचं फाटलं. निर्माते प्लास्टिकच्या बादल्या बनवायचे. भला माणूस. फक्त शेवटी मुलगी परत यावी आणि सगळ्यांनी मिळून गाणं म्हणावं, एवढीच त्यांची इच्छा होती. दादांनी वर्षभर त्यांचं तोंड पाहिलं नाही. वहीकाका दोघांकडे हेलपाटे घालत राहिले. याचा निरोप त्याला सांगताना मधल्या शिव्या ते स्वतःच गाळत, आणि त्याचं उत्तर याला सांगताना दोन गोड शब्द पदरचे घालत.

तिसऱ्या वर्षी वयस्कर नट गेले.

वहीकाका त्यांच्या घरी भेटून आले आणि चपला न काढताच पुढच्या खोलीत शिरले. सात नंबरची वही उघडली. वडिलांच्या कुठल्या कुठल्या शॉटचं काम झालंय, काय राहिलंय, सगळं तीनतीनदा ताडून पाहिलं. मग तसेच उठून दादांकडे गेले.

"संपलं ते, काका," दादा म्हणाले. "आता काय, खुर्चीत त्यांचा फोटो ठेवू?"

"त्यांचं सगळं झालंय, दादा. तो लांबचा शॉट तेवढा राहिला, त्याच्यावाचून काही अडत नाही. फक्त बाईंची बाजू घ्यायचीय."

"आणि खोली?"

"आहे तशी आहे. पेपरसुद्धा त्याच पानावर उघडा आहे."

दादा म्हणाले, "तुम्ही वेडे आहात."

"मी असेन. वही नाही."

सिनेमा त्या दिवशी मरायचा तो वाचला. पण वहीकाकांनी दादांना वहीतलं अर्धंच सांगितलं होतं. उरलेलं अर्धं त्यांनी कुणालाच सांगितलं नाही.

पुढची सहा वर्षं त्यांनी त्या सिनेमाची शुश्रूषा केली असंच म्हणायला हवं. चित्रणाची एक प्रत घरात गाद्यांच्या कपाटात असायची. पाहुणे आले की गादीआधी ती बाहेर निघे. नायकाचा तपकिरी कोट डांबराच्या गोळ्यांत होता. महिन्यातून एकदा काका तो गच्चीवर उन्हात घालत आणि शेजारी स्टूल टाकून राखण करत. शेजारपाजारच्यांना वाटे, कुणीतरी थोर माणूस वारला असावा आणि हा त्याचा कोट. नायिका लग्न होऊन परदेशी गेली. दर एक तारखेला तिला फोन.

"केस कापले नाहीत ना, बाई?"

"काका, मला दोन मुलं झाली."

"अभिनंदन. पण केस?"

दादा कंटाळून एका कॉलेजात शिकवायला लागले. निर्माते अधूनमधून म्हणायचे, "सोडून द्या हो, मी माझ्या बादल्या करतो." प्रत्येक वेळी वहीकाका एकच हुकमाचं पान टाकायचे: "खोली तयार आहे. या म्हटलं की या." आणि गंमत म्हणजे ते पान चालायचं. एक माणूस स्वतःचं घर असं ताटकळत ठेवतो म्हटल्यावर समोरच्याला 'नाही' म्हणायची लाज वाटे.

काकूंना तशी लाज वाटायचं कारण नव्हतं. ताटकळणाऱ्यांत त्याच होत्या. दरवर्षी शाळा सुरू व्हायच्या सुमाराला त्या दारात उभ्या राहून विचारत, "यंदा?"

"यंदा नक्की."

"खिडकीकडचं नका हलवू. मी फक्त समोरच्या भिंतीचं म्हणतेय. घड्याळाखाली एक मशीन."

"अगं, तीच तर बाईंच्या मागं येणारी भिंत! तीच नेमकी हलवून कसं चालेल?"

"बरं बाई," काकू म्हणायच्या. स्वतःला का त्यांना, कोण जाणे. मग बोळातल्या मिणमिणत्या दिव्याखाली उशांचे अभ्रे शिवायच्या. मशीन भिंतीला इतकं चिकटलेलं, की कापड पलीकडे सरकायला जागा नसे. कुणी न्हाणीघरात जायचं म्हटलं की काकूंनी उठायचं, खुर्ची उचलायची, वाट द्यायची, पुन्हा बसायचं. लेकीनं एकदा मोजलं होतं: एका अभ्र्याला चार उठाबशा. लेक पुढं लग्न होऊन सासरी गेली आणि हळूहळू अभ्रे शिवणंही सुटलं. तिच्या नव्या घरी काकू पहिल्यांदा गेल्या तेव्हा तिनं पुढच्या खोलीत बसायला सांगितलं, तर काकू सवयीनं दारातच उभ्या राहिल्या. लेक हसली आणि मग उगीचच स्वयंपाकघरात निघून गेली.

समोरच्या घरातल्या मुलीनं तीन वर्षं वाट पाहिली आणि दुसरीकडे शिकली.

नवव्या वर्षी योग आला. नायिका दोन आठवड्यांसाठी माहेरी येणार होती. निर्माते थकले होते; शेवटच्या गाण्याचा हट्ट त्यांनी सोडला होता. "एकदा बघू द्या मला काय झालं ते," म्हणाले. दादांनी कॉलेजातून रजा काढली. वहीकाकांनी चार दिवस आधीपासून खोली पुसली. धूळसुद्धा एक्केचाळीस फोटोंत होती तेवढीच ठेवली.

युनिट आलं. दादांचे केस पिकलेले, नायिकेच्या पर्समध्ये वाचायचा चष्मा. दादा उंबऱ्यावर थबकले. खडूच्या रेघा, कप, पेपर, पाच वाजून दहा मिनिटं. वहीकाकांनी त्या एका क्षणाची नऊ वर्षं वाट पाहिली होती, आणि तो क्षण खरोखरच तसा होता.

कॅमेरामन मात्र नवा होता, तरुण आणि चटपटीत. त्यानं खिडकीपाशी कॅमेरा लावला, समोरच्या भिंतीकडे बघितलं आणि म्हणाला, "जुन्या चित्रणात ही भिंत कशी दिसते? म्हणजे तसा प्रकाश जुळवतो."

"वहीकाका, सांगा," दादा म्हणाले.

वहीकाकांनी सात नंबरची वही उघडली. पान सापडायला त्यांना कधी वेळ लागत नसे. त्या दिवशी लागला. सापडलं तरी ते वाचेनात. कॅमेरामननंच त्यांच्या खांद्यावरून वाकून मोठ्यानं वाचलं: "घड्याळाची भिंत. अजून एकाही शॉटमध्ये आलेली नाही. मोकळी." आणि हसून म्हणाला, "मग सोपंच की! दिसलीच नाहीये तर काहीही चालेल. कुठलीही भिंत चालली असती."

काकू चहाचा ट्रे घेऊन दारात होत्या.

हिशेब अगदी उघडा होता. खिडकीची बाजू घेऊन झाली होती आणि तिथं बसणारा माणूस परत येणार नव्हता. घड्याळाची बाजू कुणी पाहिलेलीच नव्हती. टेबलावरचा कप आणि पेपर सोडला, तर त्या खोलीत सांभाळण्यासारखं सहा वर्षांत काहीही उरलेलं नव्हतं.

कुणाच्या लक्षात आलं, कुणाच्या नाही. दादा भिंतीकडे डोळे बारीक करून बघत होते. "फार भकास दिसते. मुलगी सोडून जातेय ते घर नांदतं वाटलं पाहिजे. काकू, वापरातलं काही आहे का, इथं ठेवायला?"

काकूंनी ट्रे खाली ठेवला. "वापरातलं नाही," त्या म्हणाल्या. "पण आहे."

युनिटमधल्या दोघांनी बोळातून मशीन उचलून आणलं. काकूंनी चादर काढली, पदरानं चाक पुसलं आणि घड्याळाखाली नेमकी जागा दाखवली. ती त्यांना शोधावी लागली नाही. नायिका मशीनवर हात ठेवून उभी राहिली. शॉट दुसऱ्याच खेपेला झाला. ती बोलायची थांबली, तिची बोटं चाकावरून हलकेच फिरली, आणि दादांनी "कट" म्हणायला इतका उशीर केला की वहीकाकांना वर बघावं लागलं. दादा डोळे पुसत होते.

सामान आवरताना दादा म्हणाले, "काका, मशीन आठवडाभर तिथंच असू द्या. एखादा तुकडा परत घ्यावा लागला तर..."

"नाही, दादा," वहीकाका म्हणाले. बत्तीस अधिक नऊ वर्षांत दिग्दर्शकाला हा शब्द त्यांनी प्रथमच ऐकवला असावा. "लागलं तर वहीत लिहिलंय. पुन्हा मांडू."

युनिट गेल्यावर काकू वडिलांच्या त्या खुर्चीत जाऊन बसल्या. नऊ वर्षांत पहिल्यांदा.

"तुम्हाला माहीत होतं?"

वहीकाका उभेच होते. "हो."

"कधीपासून?"

"ते गेले तेव्हापासून. त्या दिवशीच वाचलं."

"म्हणजे सहा वर्षं." काकूंचा आवाज चढला नाही. चढला असता तर काकांना बरं वाटलं असतं. "मी दरवर्षी विचारत होते हो. दारात उभी राहून."

"दादा सोडून द्यायला निघाले होते. निर्मातेही. खोली आहे, एवढं एकच सांगायला होतं माझ्याकडे. मशीन लावलं असतंस, मुली आल्या असत्या, हसण्या-बोलण्यानं खोली भरली असती... मग मी कुठल्या तोंडानं म्हणणार होतो की सगळं तसंच आहे? मलाच खरं वाटलं नसतं." ते थांबले. "मला वाटलं, एक वर्ष. मग वाटलं, आणखी एक."

"मला सांगायचं होतंत. मी नाही लावत म्हटलं असतं एखादे वेळी."

बायको 'नाही लावत' म्हणाली असती, ही शक्यता वहीकाकांनी कुठल्याच वहीत नोंदवली नव्हती.

पुढं चार महिने मशीन घड्याळाखालीच होतं, पण खोली तशीच राहिली. मनाई उठली होती, पण सवय उठेना. काकांनी घड्याळात सेल घातला, ते टिकटिक करायला लागलं, आणि दोघंही वेळ बघायला स्वयंपाकघरातल्या घड्याळाकडेच जात राहिले. काकू खडूच्या रेघा ओलांडताना पाय उचलून टाकत.

सिनेमा एका छोट्या थिएटरात सकाळच्या खेळाला लागला. एक आठवडा चालला. पहिल्या दिवशी चाळीसेक माणसं होती, त्यातली निम्मी बादल्यांच्या कारखान्यातली. निर्माते पहिल्या रांगेत बसले आणि गाणं नसूनही रडले. घड्याळाची भिंत पडद्यावर अकरा सेकंद दिसली. मशीन नायिकेच्या मागं थोडं अंधुक होतं, फक्त चाकावरची बोटं स्पष्ट. काकू पुढं वाकून बघत होत्या. अकरा सेकंद झाल्यावर मागं टेकल्या.

"चांगलं काढलंय," त्या हळूच म्हणाल्या. "खरंच चांगलं काढलंय." आणि थोड्या वेळानं, "झाकण वाकडं राहिलं होतं."

"हो," वहीकाका म्हणाले. ते त्यांच्या वहीत होतं.

परत येताना कोपऱ्यावरच्या शिवणाच्या दुकानाशी समोरच्या घरातली ती मुलगी भेटली. आता ती मुलगी कसली! तिच्या दुकानात चार मशिनं होती आणि हाताखाली तीन बायका. "काकू, सुईत दोरा ओवायला या की कधी," ती थट्टेनं म्हणाली. काकूही हसल्या. बोळातल्या उजेडात डोळे आणि उठाबशांत गुडघे किती खर्ची पडले, ते तिला कोण सांगणार.

घरी आल्यावर काकूंनी पुढच्या खोलीची खिडकी सताड उघडली. ऊन आत आलं. निळा पडदा बघण्यासारखा होता; नऊ वर्षांत त्याचा रंग कणभर उडालेला नव्हता. काकूंनी खुर्चीवर चढून तो उतरवला आणि टेबलावर पसरला. टवका उडालेला कप वहीकाकांनी घाईघाईनं उचलला, पेपर उचलला, आणि कुठं ठेवावा ते न कळून दोन्ही हातात धरून उभे राहिले.

"ठेवा ते खाली आणि हे टोक धरा. अभ्रे होतील सहा-सात."

"पडद्याचे?"

"मग काय, कोटाचे करू?"

वहीकाकांनी टोक धरलं. काकूंनी चष्मा चढवला, कापड डोळ्यांशी नेऊन वीण बघितली आणि कात्री घातली. कात्री वर्षानुवर्षं पडून बोथट झाली होती; मधेच अडायची, काकू बोटं झटकून पुन्हा धरायच्या. काका टोक ताणून उभे होते. खडूची रेघ त्यांच्या तळव्याखाली आली होती आणि पहिल्यांदाच त्यांनी पाय बाजूला घेतला नाही.

"सैल पडतंय, नीट धरा."

"धरलंय गं."

"नऊ वर्षं धरलंत," काकू कापडावरून नजर न काढता म्हणाल्या, "आता आणखी पाच मिनिटं धरा."